वावरातून तार गेली, हक्क कुठे गेला?

आमच्या शेंदूरजनाघाटकडे कुणाची किती शेती आहे असं विचारलं, तर उत्तर एकरांत कमी आणि झाडांत जास्त मिळतं. "सहाशे झाडांचा बगीचा आहे त्यांचा," म्हटलं की पुढचं सगळं समजतं. सातपुड्याच्या पायथ्याचं हे गाव संत्र्याचं आणि त्याहून जास्त संत्र्याच्या कलमांचं. दूरदूरचे शेतकरी इथल्या रोपवाटिकांतून कलमा नेतात. जंबेरीच्या खुंटावर डोळा बांधायचा, कलम लावायचं, पाच-सहा वर्षं लेकरासारखं जपायचं, तेव्हा कुठे झाड हाताशी येतं. मग वीस-पंचवीस वर्षं ते घर चालवतं. मुलींची शिक्षणं, लग्नं, घराची डागडुजी, सगळं आंबिया नाहीतर मृग बहाराच्या भरवशावर.

अशा बगीच्यात एखाद्या दिवशी चार माणसं दुर्बीण आणि टेप घेऊन येतात, झाडांच्या बुंध्यावर रंगाच्या खुणा करतात आणि सांगतात, "बाई, इथून लाइन जाणार आहे." घरातली माणसं गोळा होतात आणि दोन प्रकारची मतं निघतात. एक म्हणतो, "सरकारी काम आहे, आपलं काय चालणार?" दुसरा म्हणतो, "पाय ठेवू देत नाही वावरात!" मैत्रिणींनो, ही दोन्ही मतं अर्धवट आहेत. पहिल्याने हातचे पैसे जातात, दुसऱ्याने पोलिसांचा फेरा मागे लागतो. कायदा या दोहोंच्या मधे कुठेतरी उभा आहे. मोठी वीजवाहिनी अडवणं आपल्या हाती फारसं नाही, पण नुकसानीची पूर्ण भरपाई घेणं मात्र नक्की आहे. आणि ती भरपाई भांडणातल्या आवाजावर ठरत नाही, कागदावर ठरते.

या कायद्याचा उगम गमतीचा आहे. विजेच्या तारांना लागू होणारा मुख्य नियम विजेसाठी केलेलाच नाही. तो आहे १८८५ सालच्या तारायंत्र कायद्यातला. इंग्रजांच्या तारखात्याला गावोगाव खांब रोवायचे होते. प्रत्येक शेतकऱ्याची संमती घेत बसायला नको म्हणून कलम १० ने त्या खात्याला कुणाच्याही जमिनीवरून तार नेण्याचा अधिकार दिला. पुढे १९१० च्या वीज कायद्याने हा अधिकार वीज पुरवणाऱ्यांनाही देता येईल अशी सोय केली. २००३ च्या वीज कायद्यातलं कलम १६४ तीच सोय पुढे चालवतं. जुलै २०१३ मध्ये देशातली तारसेवा बंद झाली. २०२३ च्या दूरसंचार कायद्याने तो जुना कायदाही रद्द केला. पण रद्द करताना एक ओळ ठेवून दिली : कलम १६४ खाली विजेच्या वाहिन्या नेण्याच्या कामाला जुन्या कायद्याचा तिसरा भाग लागू राहील. तार गेली, तारेचा कायदा आपल्या वावरात उभाच आहे!

पण त्याच कलम १० मध्ये जमीनवाल्याच्या बाजूच्या तीन गोष्टी आहेत आणि त्या प्रत्येकीने पाठ कराव्यात अशा आहेत. पहिली, वाहिनीवाल्यांना मिळतो तो फक्त वापरापुरता हक्क, जमिनीची मालकी नाही. मनोरा उभा राहिला तरी सातबारा आपलाच. दुसरी, काम करताना नुकसान कमीत कमी झालं पाहिजे. तिसरी, जे नुकसान होईल त्याची पूर्ण भरपाई सर्व हितसंबंधितांना दिली पाहिजे. यातले 'पूर्ण' आणि 'सर्व' हे दोन शब्द विसरू नका.

आता कोणती लाइन हे आधी ओळखायला हवं. मोटारपंपाला किंवा गावाला वीज आणणारी ११ केव्हीची नाहीतर ३३ केव्हीची लाइन असते, तिला बहुधा साधे खांब असतात. ६६ केव्हीपासून पुढे १३२, २२०, ४००, ७६५ केव्हीपर्यंतच्या वाहिन्यांना चार पायांचे लोखंडी मनोरे लागतात. पूर्वी दोन्ही कामं राज्य वीज मंडळाकडे होती. २००५ साली मंडळाची विभागणी झाली, तेव्हापासून मोठ्या वाहिन्या महापारेषणकडे आणि गावातला पुरवठा महावितरणकडे आहे. शिवाय केंद्राची पॉवरग्रिड आणि खासगी कंपन्याही वाहिन्या उभारतात. २०१० नंतर तिरोड्याहून कोराडी, अकोला करीत थेट औरंगाबादपर्यंत, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगरपर्यंत, ७६५ केव्हीची वाहिनी उभी राहिली. म्हणजे आपल्या विदर्भ-वऱ्हाडाला हा प्रश्न काही नवा नाही.

आलेल्या माणसांना पहिला प्रश्न विचारायचा तो हा : "तुमच्या कंपनीला कलम १६४ चा अधिकार मिळाला आहे का? त्याच्या आदेशाची प्रत दाखवा." तो अधिकार नसेल, तर २००६ च्या केंद्रीय नियमांप्रमाणे मालकाची किंवा कसणाऱ्याची आधी संमती घ्यावी लागते. आपण हरकत घेतली तर कंपनीला जिल्हाधिकाऱ्यांची, म्हणजे कायद्याच्या भाषेत जिल्हा दंडाधिकाऱ्यांची, किंवा शासनाने अधिकार दिलेल्या अधिकाऱ्याची लेखी परवानगी आणावी लागते. असा आदेश देताना जिल्हाधिकाऱ्यांनी आपलं म्हणणं ऐकून भरपाई किंवा वार्षिक भाडं किंवा दोन्ही ठरवून द्यायचं असतं. तो आदेश पटला नाही तर वीज नियामक आयोगाकडे दाद मागता येते.

अधिकार असेल तर मात्र गोष्ट वेगळी. डिसेंबर २०१६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पॉवरग्रिड विरुद्ध सेंच्युरी टेक्स्टाइल्स या खटल्यात स्पष्ट केलं, की असा अधिकार असलेल्या कंपनीला जमीनमालकाची पूर्वसंमती लागत नाही. आपण अडवलं तर कलम १६ खाली कंपनी जिल्हाधिकाऱ्यांकडे जाऊ शकते. त्यांनी परवानगीचा आदेश दिल्यावरही अडवत राहिलं तर तो गुन्हा होतो. म्हणून बायांना पुढे करून खड्ड्यात बसवायचे जे सल्ले गावात मिळतात, ते ऐकण्याआधी दहादा विचार करावा. जे सांगायचं ते मोजणीच्या वेळीच लेखी सांगावं : मनोरा बगीच्याच्या मधोमध न घेता धुऱ्यावर घ्या, विहीर सोडा, वाहिनी पांदणीच्या कडेने वळवता येते का पाहा. 'कमीत कमी नुकसान' हे शब्द कायद्यातलेच आहेत, ते अर्जात लिहायला संकोच कसला?

आता पैशांचं बोलू. मोठ्या वाहिनीत भरपाईचे तीन वेगळे भाग असतात आणि आपले लोक पुष्कळदा एकावरच समाधान मानतात. एक भाग पिकाचा आणि झाडांचा. दुसरा मनोऱ्याच्या पायाखाली अडकलेल्या जमिनीचा. तिसरा तारांखालच्या पट्ट्याचा, कारण तिथे जमीन आपली असूनही घर बांधता येत नाही, उंच झाड लावता येत नाही, तिची किंमत उतरते. केंद्रीय ऊर्जा मंत्रालयाच्या ऑक्टोबर २०१५ च्या मार्गदर्शक सूचनांत ६६ केव्ही आणि वरच्या वाहिन्यांसाठी मनोऱ्याखालच्या जमिनीला तिच्या किमतीच्या ८५ टक्के आणि पट्ट्याला जास्तीत जास्त १५ टक्के मोबदला सांगितला होता. जून २०२४ च्या नव्या सूचनांत हेच आकडे २०० टक्के आणि ३० टक्के झाले. या केंद्राच्या सूचना आहेत, त्या तशाच किंवा बदल करून स्वीकारणं हे राज्यावर सोपवलेलं आहे. आपल्या राज्याचेही २०१० पासून याबद्दल शासन निर्णय आहेत आणि ते वेळोवेळी बदलले आहेत. म्हणून "आमच्या वाहिनीला कोणता शासन निर्णय लागू, त्याची तारीख काय?" हे उपविभागीय अधिकाऱ्यांच्या कार्यालयात लेखी विचारावं. आणि ध्यानात ठेवा, खांबांवरच्या ११ आणि ३३ केव्हीच्या लाइनीला या केंद्रीय सूचनांतले टक्के लागू नाहीत.

आकडे नुसते वाचून डोक्यात बसत नाहीत, म्हणून मी माझ्या वर्गातल्या मुलींना गणित घालते तसं घालून पाहते. १३२ केव्हीच्या वाहिनीचा पट्टा साधारण २७ मीटर रुंद धरतात. समजा, ती आपल्या बगीच्यातून १०० मीटर गेली. पट्टा झाला २,७०० चौरस मीटर. सहा-सहा मीटरवर झाडं लावलेली असतील तर एका झाडाला ३६ चौरस मीटर, म्हणजे पट्ट्यात ७५ झाडं आली. जमिनीची सरकारी किंमत हेक्टरी २० लाख धरली, तर पट्ट्याच्या जमिनीची किंमत झाली ५ लाख ४० हजार. त्याचे १५ टक्के म्हणजे ८१ हजार आणि ३० टक्के म्हणजे १ लाख ६२ हजार. झाडांचे पैसे वेगळे, मनोऱ्याचे वेगळे. दर कोणता लागू आहे हे न विचारण्याची किंमत किती, ते या दोन आकड्यांवरून कळतं की नाही?

झाडांच्या बाबतीत तर अधिक सावध राहायला हवं. पट्ट्यातलं प्रत्येक झाड तोडायलाच हवं असं नसतं. तार मनोऱ्याजवळ उंच असते आणि दोन मनोऱ्यांच्या मधे झोळीसारखी खाली येते. १३२ केव्हीच्या तारेपासून झाडाचा शेंडा निदान ४ मीटर दूर असावा असा नियम आहे. तेव्हा कोणतं झाड तोडणार, कोणत्या झाडाची नुसती छाटणी करणार, याची यादी कुऱ्हाड लागण्याआधी मागावी. फळझाडांचं मूल्यांकन सहसा कृषी विभाग करतो, सागासारख्या झाडांचं वनविभाग. वाहिनी येण्याआधीपासून उभ्या असलेल्या झाडाची भरपाई मिळते, नंतर लावलेल्याची मिळत नाही. म्हणून झाड आधीचं आहे याचा पुरावा हवा. सातबाऱ्यावर पीक म्हणून संत्रा लागलेला आहे का? कित्येकांच्या उताऱ्यावर बगीचा दहा वर्षांचा झाला तरी कापूस नाहीतर तूरच दिसते! आता ई-पीक पाहणीत मोबाइलवरून नोंद करता येते. घरातल्या कॉलेजच्या पोराला बसवून ती एकदा करूनच टाकावी.

आमच्या ओळखीच्या एक काकू आहेत. नवरा वारल्यावर बगीचा त्याच पाहतात. ठेकेदाराचा माणूस कोऱ्या जागा ठेवलेला छापील कागद घेऊन आला आणि म्हणाला, "इथं सही करा काकू, बाकीचं आम्ही भरतो." काकू शाळेत चौथीपर्यंतच गेलेल्या. त्या म्हणाल्या, "झाडं मोजा न भाऊ पहिले, मंग सही करतो मी." तो हसला. काकूंनी झाडागणिक एकेक चुन्याचा ठिपका दिला, पुतण्याकडून फोटो काढवले आणि दोन शेजाऱ्यांना उभं करून वहीत आकडा लिहिला. पंचनाम्यात तोच आकडा आला, आणि रोपवाटिकेतल्या कलमांचे वाफेसुद्धा आले, जे ठेकेदाराच्या मनातही नव्हते. शिक्षण म्हणजे आणखी काय असतं, सांगा बरं?

पंचनाम्यावर सही करताना झाडांची संख्या, वय, बहार धरलेला आहे की नाही, तुटलेलं कुंपण, दबलेली ठिबकची नळी, विहिरीकडे जाणारी वाट, सगळं लिहून आलं का ते पाहावं. वाचता येत नसेल तर वाचून घ्यावं. रक्कम कमी वाटली तरी ती परत करायलाच हवी असं नाही. "रक्कम अपुरी आहे, अधिक भरपाईचा हक्क राखून स्वीकारली," असं सहीच्या वर लिहावं आणि कागदाची प्रत मागून घ्यावी.

पुढे काय? कलम १६ खाली भरपाई अपुरी असल्याचा वाद जिल्हा न्यायाधीशांपुढे नेता येतो. आपल्यासाठी ते अमरावतीचं जिल्हा न्यायालय. तिथला निर्णय कायद्याने अंतिम मानलेला असल्यामुळे पुरावा पहिल्याच वेळी पूर्ण द्यायला हवा. २००७ साली केरळ वीज मंडळाच्या लिविशा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की भरपाई सगळीकडे एकाच सूत्राने मोजायची नसते. जमीन कुठे आहे, तार तिच्या कडेने जाते की मधून, किती भाग तारेखाली येतो, उरलेल्या भागाचा उपयोग राहतो का, हे पाहावं लागतं. कोपऱ्यातून तार गेलेल्याला आणि छातीवरून गेलेल्याला एकच माप नाही.

आणि मुदत! १९७६ साली केरळ वीज मंडळाच्याच, तारेसाठी तोडलेल्या झाडांच्या एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ठरवून दिलं, की अशा अर्जाला तीन वर्षांची मुदत लागू होते. "पाहू, सवडीने करू," म्हणता म्हणता तीन बहार निघून जातात आणि हक्क असूनही दार बंद होतं. म्हणून झाड तोडल्याची तारीख कॅलेंडरवर नाही, वहीत लिहा.

आता जो मुद्दा खास आपला, त्याकडे येते. कायद्यात 'सर्व हितसंबंधितांना' असं म्हटलं आहे. पण धनादेश निघतो तो सातबाऱ्यावर नाव असेल त्याच्या नावाने. तिथे आपलं नाव आहे का? नवरा गेल्यावर त्याच्या हिश्शात १९५६ च्या हिंदू वारसा कायद्याप्रमाणे बायको, मुलगे, मुली आणि त्याची आई असे सारखे वारस असतात. तरी पुष्कळ घरांत फेरफार फक्त मोठ्या मुलाच्या नावे होतो, नाहीतर दिराच्याच नावे जमीन पडून राहते. वडिलोपार्जित जमिनीत मुलींना महाराष्ट्राने १९९४ मध्ये आणि साऱ्या देशाने २००५ मध्ये मुलांसारखाच हक्क दिला. नवरा हयात असताना त्याच्या अर्जावरून बायकोचं नाव सातबाऱ्यावर सहहिस्सेदार म्हणून लावण्याची लक्ष्मी मुक्ती योजना १९९२ पासून आहे. मनोरा येवो न येवो, हे काम करून ठेवण्यासारखं आहे.

घरात वाटणीवरून वाद झालाच, तर त्यालाही त्याच कलमात वाट आहे. भरपाई कुणाला आणि किती, हा तंटा असेल तर कंपनी ती रक्कम जिल्हा न्यायालयात भरू शकते आणि न्यायाधीश सर्वांना ऐकून हिस्से ठरवतात. तेव्हा जिला डावललं जातंय असं वाटतं, तिने कंपनीला आणि उपविभागीय अधिकाऱ्यांना आपला हिस्सा कळवणारं साधं पत्र पैसे वाटले जाण्याआधी द्यावं आणि पोच घ्यावी. वकिलाचा खर्च कसा करणार, असं म्हणाल तर १९८७ च्या विधी सेवा कायद्याप्रमाणे कोणत्याही स्त्रीला, तिचं उत्पन्न कितीही असो, सरकारी खर्चाने वकील मिळू शकतो. तालुक्याच्या विधी सेवा समितीकडे अर्ज करायचा किंवा १५१०० या क्रमांकावर फोन करायचा.

वाहिनी उभी राहिल्यावरही आपलं नातं संपत नाही. पुढे कधी त्या जागी घर किंवा गोठा बांधायचा झाला, तर कलम १७ खाली तार हलवण्याची, उंच करण्याची मागणी करता येते. भरपाई घेतलेली असेल तर हलवण्याचा खर्च किंवा घेतलेल्या भरपाईची निम्मी रक्कम, यांपैकी जी कमी असेल ती भरावी लागते. कंपनीने ऐकलं नाही तर जिल्हाधिकाऱ्यांकडे जायचं. तारेखालचा पट्टा पडीक ठेवण्याचं कारण नाही. भाजीपाला, हरभरा, कलमांची रोपवाटिका अशी ठेंगणी पिकं तिथे घेता येतात. पण फळांनी लवलेल्या झाडाला टेकू द्यायचे लांब बांबू, शिडी, उभे पाइप तिथे मुळीच उचलू नयेत आणि मजूर बायांनाही ते बजावून सांगावं.

शेवटी, एक जाडसर पिशवी करा आणि तीत एवढे कागद ठेवा :

सातबारा आणि आठ-अ यांचे ताजे उतारे, संत्र्याच्या नोंदीसह.
वारसाच्या फेरफाराची प्रत.
कंपनीची नोटीस आणि कलम १६४ च्या आदेशाची प्रत.
झाडं तोडण्यापूर्वीचे आणि नंतरचे फोटो, तारखेसह.
पंचनाम्याची सहीशिक्क्याची प्रत.
कलमा, खत, ठिबक यांची बिलं आणि मागच्या दोन-तीन बहारांच्या विक्रीच्या पावत्या.
दिलेल्या प्रत्येक अर्जाची पोच.

दागिन्यांची चावी आपण कमरेला लावतो. ही पिशवीही त्याच कपाटात ठेवावी आणि कुठे आहे ते सुनेला, लेकीला सांगून ठेवावं. या आठवड्यात दुसरं काही जमलं नाही, तरी सातबाऱ्याचा उतारा काढा आणि त्यावर दोन गोष्टी तेवढ्या पाहा : संत्रा लागला आहे का, आणि तुमचं नाव लागलं आहे का.